सँटोरिनीची असीर्तिको वाईन: निवडायची कशी, प्यायची कशी

सँटोरिनी म्हटलं की निळे घुमट आणि इन्स्टावरचे सनसेट, पण या ग्रीक बेटाचा खरा माल म्हणजे तिथलं असीर्तिको नावाचं पांढरं द्राक्ष. बाटली स्वस्त नसते, त्यामुळे घेताना जरा बघून घ्या.

आधी लेबल वाचा. त्यावर सँटोरिनी हे नाव हवं, ते १९७१ पासून कायद्याने राखीव आहे. नुसतंच असीर्तिको लिहिलं असेल तर माल ग्रीसच्या मेनलँडचा असू शकतो, हल्ली ऑस्ट्रेलियातसुद्धा लावतात, वाईट नसतो पण ती मजा नाही. निक्तेरी लिहिलेली बॅरलमध्ये मुरलेली, जरा भारदस्त. आणि विनसांतो म्हणजे उन्हात सुकवलेल्या द्राक्षांची गोड वाईन, ती जेवण झाल्यावर.

किंमत बघून कुरकुर करण्याआधी तिथली बाग बघा. आपल्या नाशकात वेल मांडवावर चढवतात, तिथे उलटं, वारा इतका सुटतो की वेल जमिनीलगतच गोल गोल वळवून टोपली करतात, त्याला कुलूरा म्हणतात, द्राक्षं त्या टोपलीच्या आत लपलेली, तोडणारा वाकून वाकून पानं बाजूला करत घड शोधतो. पाऊस नावालाच, माती ज्वालामुखीची राख आणि हलका सच्छिद्र दगड. या मातीत फिलॉक्सेरा ही मुळं खाणारी कीड टिकत नाही म्हणून वेल कलम न करता स्वतःच्याच मुळांवर उभे असतात, काहींची मुळं तर फारच जुनी. माल मात्र एकरी कमीच निघतो.

आता प्यायची कशी. फ्रीजमधून काढून पंधरा-वीस मिनिटं बाहेर ठेवा, १०-१२ डिग्री बास. बर्फगार प्यायलात तर नुसता आंबटपणा लागेल आणि पैसे वाया गेले असं वाटेल. ग्लास मोठ्या तोंडाचा घ्या, अर्धाच भरा. पहिला घोट लिंबासारखा झणकतो, मागून खारट चव येते, लगेच मत बनवू नका, अर्धा तास जाऊ द्या, मग खरी खुलते.

सोबत मासे, तळलेलं काहीही. तिथे टोमॅटोची भजी खातात, आपल्याकडे रवा लावलेले बोंबील एकदम फिट्ट. क्रीमवाल्या गोडसर ग्रेव्हीच्या वाटेला मात्र जाऊ नका.

उरली तर बूच लावून फ्रीजमध्ये टाका, दुसऱ्या दिवशी बहुतेक वेळा जास्तच छान लागते.