दुर्बिणीचा आरसा एकट्याने घासताना

पहिल्या आरशासाठी १५० मिलिमीटर व्यासाच्या दोन जाड, गोल काचा घ्याव्यात. एक काच जड, न डगमगणाऱ्या स्टुलावर पक्की बसवावी, तिच्यावर ८० नंबरची कार्बोरंडमची (काच घासणाऱ्या कठीण कणांची) पूड व थोडे पाणी घालावे आणि दुसरी काच तिच्यावर मागेपुढे घासावी. मागेपुढे काही वेळा घासल्यावर दर वेळी वरची काच किंचित वळवावी आणि आपणही स्टुलाभोवती पाऊलभर सरकावे. वरची काच कडेबाहेर जाते तेव्हा दाब तिच्या मध्यावर आणि खालचीच्या कडेवर येतो, त्यामुळे वरची हळूहळू खोलगट होते; तीच पुढे आरसा बनते. १,२०० मिलिमीटर नाभीय अंतरासाठी (आरशापासून दूरच्या ताऱ्याची प्रतिमा जिथे उमटते तिथपर्यंतच्या अंतरासाठी) मध्याची खोली जेमतेम १.२ मिलिमीटर लागते.

हे काम शक्यतो एकट्यानेच करावे, असे माझे ठाम मत आहे, कारण यात डोळ्यांपेक्षा कान अधिक लागतात. ताजी पूड करकरते, कण भरडले गेले की आवाज मऊ पडतो, आणि नवी पूड घालण्याची वेळ तीच असते. गप्पांच्या नादात ती हमखास हुकते. मला हवी असलेली शांतता याच ऐकण्यात मिळाली.

पुढे १२०, २२०, ३२० आणि ५०० अशी बारीक पूड घेत जावे. प्रत्येक टप्प्यानंतर काचा, स्टूल, हात आणि नखेही धुवावीत, कारण मागे राहिलेला एकच जाड कण अनेक संध्याकाळींच्या कामावर ओरखडा उमटवतो. मग खालच्या काचेवर पिचचा, म्हणजे डांबरासारख्या चिकट पदार्थाचा, थर ओतून सिरियम ऑक्साइड या अतिबारीक पुडीने आरशाला झिलई करावी.

खरी कसोटी यानंतर लागते. फ्रेंच भौतिकशास्त्रज्ञ लेओं फुको यांनी १८५८ मध्ये मांडलेल्या चाचणीत आरशापासून २,४०० मिलिमीटरवर बारीक उजेड आणि पात्याची धार ठेवून पृष्ठभागावरच्या सावल्या पाहतात. येथे पृष्ठभागाच्या आकारातली चूक मिलिमीटरच्या सुमारे चौदा हजाराव्या भागाच्या आत राखायची असते. आरशावर मिनिटभर अंगठा टेकवून पाहावा: तेवढ्या उबेने काच फुगते आणि सावलीत तिथे टेकडी उभी राहिलेली दिसते. ती बसेपर्यंत थांबावे लागते. म्हणून झिलईनंतर लगेच मोजमाप करू नये. आरसा रात्रभर तसाच ठेवावा, सकाळी दार लोटून घेऊन, त्याला हात न लावता चाचणीला बसावे.