गॅसपीडितांची मुलाखत रेकॉर्ड करताना

२ आणि ३ डिसेंबर १९८४ च्या मधल्या रात्री भोपाळच्या युनियन कार्बाइड कारखान्यातून सुमारे ४० टन मिथाइल आयसोसायनेट हा विषारी वायू सुटला. त्या रात्रीचं वर्णन तिथल्या लोकांकडून शेकडो वेळा मागून झालंय. म्हणून माहितीपटासाठी बोलायला बसाल तेव्हा सुरुवात तिथून नकोच. घरात किती माणसं झोपली होती, कमावणारं कोण होतं, हे आधी विचारा. रात्र ओघात येतेच. जे. पी. नगर कारखान्याच्या अगदी समोर आहे. तिथून कोण कुठे पळालं हे छापील नकाशावर बोटाने दाखवायला सांगा आणि ते बोट जवळून टिपा.

पहिल्या भेटीत कॅमेरा नेऊ नका. संमतीपत्र हिंदीत वाचून दाखवा, सही घ्या, तोंडी होकारही रेकॉर्ड करा.

अनेकांचे डोळे आणि फुप्फुसं कायमची अधू झाली आहेत. चेहऱ्यावर थेट एलईडी दिवा नको, खिडकीचा उजेड एका बाजूने येऊ द्या. आवाज स्वच्छ मिळावा म्हणून पंखा बंद करण्याची चूक हमखास होते, आणि दम लागणारा माणूस दहा मिनिटांत थकतो. पंखा चालू ठेवा, कॉलर माइक हनुवटीखाली वीतभर अंतरावर लावा, आणि शेवटी खोलीचा नुसता आवाज मिनिटभर घ्या, एडिटिंगला लागतो. रेकॉर्डिंगची पातळी उणे १२ डेसिबलच्या आसपास ठेवा. खोकल्याची उबळ आली की आवाज फाटतो, त्यासाठी दुसरा ट्रॅक १० डेसिबल खाली हवा. वीस मिनिटांनी थांबा, पाणी द्या. दोन वाक्यांमधली धाप मात्र कापू नका. ती कापली तर त्या माणसाचं आजचं जगणंच पडद्यावरून गायब होतं.

घरोघरी कागदांची एक पिशवी असते: दवाखान्याची पुस्तिका, भरपाईच्या दाव्याचे आदेश. ते तिथेच, त्यांच्यासमोर चित्रित करा. मूळ कागद घरी नेऊ नका, दावा क्रमांक आणि पत्ता झाका. बहुतेक जखमींच्या हाती भरपाई म्हणून सुरुवातीला २५,००० रुपये पडले. ते कशात गेले, हे जरूर विचारा. औषधं, उधारी, रोजगार, सगळा हिशेब तिथून उलगडतो.

मृतांचा आकडा नुसता देऊ नका. २,२५९ हा सुरुवातीचा सरकारी आकडा, ५,२९५ हा भरपाईच्या नोंदींतला. पीडितांच्या संघटना याहून कितीतरी मोठा आकडा सांगतात. कुठला कुणाचा, ते पडद्यावर लिहा.

कच्चा कट, म्हणजे माहितीपटाची पहिली जुळणी, त्यांच्या घरी जाऊन दाखवा आणि त्यांनी काढायला सांगितलेलं काढून टाका.