'परमिशन डिनाइड' दिसलं की लगेच ७७७ मारू नका: फाइल-फोल्डरच्या या चुका टाळा

'परमिशन डिनाइड' असा संदेश आला की नवशिक्याचा हात थेट ७७७ कडे जातो. हे मी इतक्या वेळा निस्तरलंय की आता एकदाचं लिहून काढतो.

लिनक्स आणि मॅकवर प्रत्येक फाइलचे हक्क तिघांसाठी ठरलेले असतात: मालक, गट आणि बाकीचे सगळे. वाचण्याचे ४, लिहिण्याचे २, चालवण्याचा १. बेरीज ७. ७७७ म्हणजे तिघांनाही ७: मशीनवरच्या कुणालाही त्या फाइलचं काहीही करायची मुभा. त्याने अडलेलं काम चालू होतं, म्हणूनच ही सवय सुटत नाही. पण बहुतेक वेळा दुखणं मालकीचं असतं. वेबसर्व्हर वेगळ्या युजरच्या नावाने चालतो आणि फोल्डर तुमच्या नावावर असतो, मग फोटो अपलोड होणार कसे? तेवढ्या एका फोल्डरचा मालक किंवा गट बदला, काम झालं.

आमच्याकडे एका नव्या सहकाऱ्याने नेमक्या अशाच अपलोडसाठी सुडो (अ‍ॅडमिनच्या अधिकाराने काम करून देणारी कमांड) लावून हक्क बदलणारी 'सीएचमॉड'ची ७७७ कमांड दिली, आतल्या सगळ्या फाइलींसकट. पाथ टाइप करताना पहिल्या स्लॅशनंतर एक स्पेस पडली. झालं, कमांड थेट रूटपासून, म्हणजे सगळ्या मशीनच्या मुळाशी असलेल्या फोल्डरपासून सुरू झाली. स्क्रीनवर 'प्रोक' या सिस्टिमच्या फोल्डरमधल्या फाइलींच्या एररची रांग लागली आणि शेवटी 'अशी फाइल किंवा फोल्डर नाही' अशी ओळ आली. साइट मात्र चालूच होती, त्यामुळे काही बिघडलंय हे त्याला पटेना. मी सुडो चालवून पाहिलं, तर सेटयूआयडी बिट (प्रोग्रॅमला त्याच्या मालकाच्या अधिकाराने चालू देणारी खूण) नाही म्हणून सुडोने काम नाकारलं. दुसऱ्या खिडकीतून एसएसएचने (दूरच्या मशीनमध्ये शिरायचा सुरक्षित मार्ग) शिरायला गेलो, तर माझी की, म्हणजे पासवर्डऐवजी वापरायची किल्लीची फाइल, चालेना. होम फोल्डरवर कुणीही लिहू शकत असेल तर एसएसएच त्यातल्या किल्लीवर विश्वास ठेवत नाही, आणि ते बरोबरच आहे. आधीचे हक्क कुठेही नोंदवलेले नव्हते. शेवटी आदल्या रात्रीच्या बॅकअपवरून मशीन नव्याने उभं केलं. रात्र त्यातच गेली.

तेव्हापासून माझा नेम ठरलेला आहे. आधी 'पीडब्ल्यूडी', म्हणजे आपण कुठे उभे आहोत ते कळतं. मग 'एलएस'ची लांब यादी: ओळीची पहिली दहा अक्षरं आणि मालकाचं नाव वाचल्याशिवाय काही बदलायचं नाही. फोल्डर मोठा असेल तर 'गेटफॅकल'ने सगळे हक्क एका फाइलमध्ये उतरवून ठेवतो. गडबड झालीच तर 'सेटफॅकल' ते परत बसवतं. पाथ हाताने टाइप करत नाही, टॅब दाबूनच पूर्ण करतो. यात मिनिटभर जातं. ज्याला हे मिनिट जड वाटतं त्याला मी सर्व्हरचा पासवर्ड देत नाही.

साधारणपणे फोल्डरला ७५५, फाइलला ६४४, खासगी कीला ६०० पुरतात. सरसकट ६४४ मात्र मारू नका. फोल्डरच्या बाबतीत 'चालवणे' म्हणजे आत शिरणे, आणि तो हक्क काढलात तर साध्या युजरला स्वतःच्याच फोल्डरमध्ये जाता येणार नाही. सगळं एकदम बदलायचं असेल तर 'सीएचमॉड'मध्ये कॅपिटल एक्स वापरा. तो हा हक्क फोल्डरना आणि आधीपासून चालणाऱ्या फाइलींनाच देतो.

आणखी एक गैरसमज: फाइल रीड-ओन्ली केली की सुरक्षित. लिनक्सवर फाइल डिलीट करता येते की नाही हे सहसा ती ज्या फोल्डरमध्ये आहे त्याच्या हक्कांवर ठरतं.

आता नावं. विंडोज आणि नेहमीचा मॅक कॅपिटल-स्मॉलचा भेद मानत नाहीत, लिनक्स मानतो. कोडमध्ये नाव स्मॉल, फाइलचं कॅपिटल. तुमच्या लॅपटॉपवर चित्र दिसतं, सर्व्हरवर गायब. उलट दिशेने तर जास्त धोका: लिनक्सवर शेजारी नांदणाऱ्या दोन फाइली विंडोजवर उतरवताना एक दुसरीला गिळते. मी सगळी नावं स्मॉल अक्षरांत ठेवतो, स्पेसऐवजी हायफन. नावात कोलन किंवा प्रश्नचिन्ह नको, विंडोज ते घेत नाही. 'सीओएन', 'एयूएक्स', 'एनयूएल' ही नावं तर डॉसच्या काळापासून राखीव आहेत.

विंडोजवर त्याच ड्राइव्हवर फाइल मूव्ह केली तर जुने हक्क सोबत येतात, कॉपी केली तर नव्या फोल्डरचे लागतात. शेअर्ड फोल्डरमध्ये टाकलेली फाइल इतरांना उघडत नसेल तर आधी हे तपासा.

पेन ड्राइव्ह फॅट३२ या जुन्या फॉरमॅटमध्ये असेल तर ४ जीबीची फाइल मावणार नाही. एक्सफॅटवर मावेल, पण तिथे लिनक्सचे हक्क साठवलेच जात नाहीत. परत कॉपी केल्यावर सगळ्या फाइली चालवण्याजोग्या दिसू लागतात. म्हणून प्रोजेक्ट न्यायचा असेल तर आधी टारमध्ये (अनेक फाइली हक्कांसकट एकाच फाइलमध्ये बांधणारं साधन) बांधा. सोडताना पी हा पर्याय द्या, नाहीतर यूमास्क (नव्या फाइलींचे हक्क मर्यादित करणारी सेटिंग) काही हक्क कापून टाकतो.