आठवण चुकली म्हणून खोडू नका

दुसऱ्याच्या आठवणी ऐकून लिहून काढण्याच्या, म्हणजे शब्दांकनाच्या कामात नव्याने येणारे रेकॉर्डर कुठला घ्यावा ते विचारतात. मला वाटतं, आधी प्रश्न विचारायला शिकावं. १९७४ साली एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर यांनी लोकांना मोटार अपघाताची फीत दाखवून गाड्यांचा वेग विचारला. प्रश्नातलं क्रियापद जोरकस केलं की सांगितलेला वेग वाढायचा. आठवड्याने जोरकस क्रियापद ऐकलेल्यांमध्ये इतरांपेक्षा जास्त जणांना फुटलेली काच आठवली. फितीत काच फुटलीच नव्हती! म्हणून "तेव्हा खूप घाबरला असाल ना?" असं कधीही विचारू नका. "मग?" म्हणा आणि थांबा.

एक आजी ठामपणे म्हणाल्या, "पानशेतचं पाणी रात्री आलं." धरण फुटलं १२ जुलै १९६१च्या सकाळी. जवानांनी रात्रभर वाळूची पोती रचून ते थोपवून धरलं होतं, म्हणून पुण्यात पाणी चढलं ते दिवसाउजेडी. मी आजींना टोकलं नाही. "त्या रात्रीचं सांगा" म्हटलं. मग निघालं ते असं: वीज गेलेली, परक्यांची माडी, खालून येणारा चिखलाचा वास आणि वडिलांचा पत्ता नाही. पाणी दिवसा आलं, पण पूर त्यांच्या मनापर्यंत पोचला तो खरोखर त्या रात्री. पुस्तकात त्यांचं वाक्य तसंच राहिलं, पुढच्या परिच्छेदात वेळेची नोंद आली. तारीख मध्येच सांगितली असती, तर त्या ओशाळून गप्प बसल्या असत्या.

फोटो, पत्रं, कात्रणं सगळं सांगून झाल्यावरच काढा. फोटो समोर आला की माणूस फोटोच सांगू लागतो. साल विचारू नका. इयत्ता, वडिलांची बदली, कोयनेचा भूकंप, बहात्तरचा दुष्काळ यांच्या आधी की नंतर, एवढं विचारा. भावंडांशी वेगवेगळं बोला, नाहीतर थोरल्याची हकिगत सगळ्यांची होते. जुने संवाद अवतरणात घालताना हात आखडता घ्या. सांगणारा वेगवेगळ्या दिवशी तेच शब्द उच्चारतो, तेवढेच मी घेते.

स्वतःचंच आयुष्य लिहिणाऱ्यांनी दया पवारांचं आत्मकथन 'बलुतं' (१९७८) रचनेसाठी जरूर वाचावं. तिथे दगडू मारुती पवार आपली हकिगत दया पवारला सांगतो, आणि हे दोघं म्हणजे एकच माणूस. आठवणारा आणि लिहिणारा वेगळे केल्याने लिहिणाऱ्याला आठवणाऱ्याकडे थोडं लांबून बघता येतं.

मसुदा सांगणाऱ्याला एकट्यालाच वाचून दाखवा. "असं नव्हतं" म्हणाले, तर नवं त्या दिवसाच्या तारखेनिशी लिहून घ्या आणि जुनंही जपून ठेवा.