गाडीचा फ्यूज उडाला? नवा घालण्याआधी एवढं तपासा

ठाण्याच्या घोडबंदर रोडवर, भर जुलैत, संध्याकाळी साडेसातच्या सुमारास माझ्या गाडीचे दोन्ही वायपर काचेच्या मध्यावर येऊन थांबले. गायमुख थोडं पुढे राहिलं होतं आणि पाऊस असा की स्वतःचं बॉनेट दिसेना. चारही इंडिकेटर लावून, डाव्या कडेने रांगत गाडी एका पेट्रोल पंपाच्या छपराखाली घेतली. बायकोने मोबाइलचा टॉर्च धरला, मी फ्यूजचा डबा उघडला. वायपरचा पिवळा फ्यूज उडालेला होता. झाकणात खोचलेला जादा फ्यूज घातला, बटण फिरवलं, वायपर वीतभर हलले आणि तोही उडाला.

तेव्हा कुठे डोक्यात प्रकाश पडला की फ्यूज का उडाला हे मी पाहिलंच नव्हतं. काचेखालच्या पन्हळीत हात घातला तर रेन ट्रीच्या पाल्याचा लगदा आणि त्यात अंगठ्याएवढी डहाळी. वायपर फिरवणाऱ्या दांड्यांमध्ये ती अडकून बसली होती. मोटर जोर लावत होती, करंट वाढत होता आणि फ्यूज आपलं काम चोख करत होता. डहाळी काढली, मोबाइल चार्जिंगच्या सॉकेटचा फ्यूज उसना घेतला (सुदैवाने तोही २० अँपिअरचाच होता) आणि घरी पोहोचलो.

तुमच्या गाडीतलं काही अचानक बंद पडलं, तर कारण क्रमाक्रमाने कसं शोधायचं ते इथे सांगतो. मेकॅनिक असायची गरज नाही. घाई मात्र नको.

फ्यूज नेमकं कोणाला वाचवतो

बहुतेकांना वाटतं, फ्यूज हॉर्नला किंवा स्टिरिओला वाचवतो. खरं तर तो मुख्यतः वायरला वाचवतो. फ्यूजमधली पातळ पट्टी हा त्या वायरच्या वाटेवरचा मुद्दाम ठेवलेला सर्वात कच्चा दुवा असतो. करंट दुप्पट झाला की ती काही सेकंदांत वितळते आणि वायर तापायची वाचते. घरातल्या एमसीबीचंच काम, फक्त हा एकदाच कामी येतो.

म्हणूनच १० च्या जागी ३० चा फ्यूज घालणं मला भयंकर वाटतं. आमच्या सोसायटीतल्या एका काकांनी जुनी गाडी घेतली होती. हॉर्नचा फ्यूज सारखा उडायचा, म्हणून कुठल्याशा गॅरेजमध्ये १५ काढून ३० चा घालून दिला. महिनाभराने काकांनी मला खाली बोलावलं. "बॉनेटमधून जळकट वास येतोय रे, जरा बघतोस का?" मी म्हटलं, "काका, आधी गाडी बंद करा." पुढच्या जाळीमागे हॉर्नची वायर पत्र्याच्या पट्टीवर घासून सोलली होती. तिचं प्लास्टिक वितळून शेजारच्या दोन वायरींना चिकटलं होतं, आणि फ्यूज मात्र शाबूत. गाडी पेटली नाही हे नशीब. फ्यूजभोवती तांब्याची तार किंवा सिगारेटच्या पाकिटातली चांदी गुंडाळणं हाही त्याच जातीचा धोका. रस्त्यात कोणी "साहेब, तात्पुरतं करून देतो" म्हणालं, तरी नको म्हणा.

डब्याकडे जाण्याआधी

काय बंद आहे आणि काय चालू आहे, हे पाच मिनिटं शांतपणे पाहा. निम्मं काम इथेच होतं. एकच हेडलाइट गेला असेल तर बहुधा बल्ब. बऱ्याच गाड्यांत डाव्या-उजव्या हेडलाइटला वेगवेगळे फ्यूज असतात, त्यामुळे तोही पाहावा. दोन्ही एकदम गेले तर रिले (बटणाच्या इशाऱ्यावर मोठा करंट सोडणारा छोटा डबा, पुढे सविस्तर येतो), स्विच किंवा दोन्हींना वीज देणारा मुख्य फ्यूज. हॉर्न आणि ब्रेक लाइट यांसारख्या दोन गोष्टी एकाच वेळी गेल्या असतील, तर त्या एकाच फ्यूजवर आहेत का ते मॅन्युअलमध्ये शोधा. आणि सगळंच मंद झालं असेल, तर फ्यूजच्या नादी न लागता बॅटरीचे टर्मिनल घट्ट आहेत का ते बघा. इंजिन बंद असताना चांगली बॅटरी साधारण १२.६ व्होल्ट दाखवते, चालू असताना साधारण १३.८ ते १४.५.

डबे दोन असतात

एक बॉनेटखाली, बहुतेकदा बॅटरीशेजारी, काळ्या झाकणाचा. दुसरा आत, डॅशबोर्डखाली, पुष्कळ गाड्यांत ड्रायव्हरच्या गुडघ्याजवळ. बाहेरच्यात हेडलाइट, रेडिएटर फॅन, हॉर्न, एसी अशी जड कामं. आतल्यात स्टिरिओ, चार्जिंग सॉकेट, आतले दिवे वगैरे. झाकणाच्या आतल्या बाजूला नकाशा असतो. नसला किंवा पुसट झाला असेल तर मॅन्युअलचं ते पान मोबाइलमध्ये फोटो काढून ठेवा. काहीही काढण्याआधी डब्याचाही फोटो काढा. चार फ्यूज हातात आल्यावर कोणता कुठला हे आठवत नाही, मी अनुभवाने सांगतो.

किल्ली बंद करा, मग हात लावा. झाकणात पांढरा प्लास्टिकचा छोटा चिमटा असतो, तो वापरा. तो हरवलेला असेल तर नाक-पक्कड चालते, पण टोकांना चिकटपट्टी गुंडाळून, आणि फ्यूज सरळ वर ओढून. वाकडा ओढला की खालची पकड ढिली होते आणि पुढची डोकेदुखी तिथून सुरू होते.

फ्यूजवर आकडा छापलेला असतो आणि रंगही ठरलेला: ५ फिका बदामी, ७.५ तपकिरी, १० लाल, १५ निळा, २० पिवळा, २५ पांढरा पारदर्शक, ३० हिरवा. मोठ्या डबीसारख्या फ्यूजचे रंग वेगळे असू शकतात, म्हणून शेवटी विश्वास आकड्यावरच ठेवायचा. आकारही पाहा, मिनी, लो-प्रोफाइल मिनी आणि मोठा साधा असे प्रकार आहेत, एकाच्या जागी दुसरा नीट बसत नाही.

उडालेला फ्यूज वाचायला शिका

हे मला सगळ्यात महत्त्वाचं वाटतं आणि बहुतेक लोक हेच टाळून जुना फ्यूज कचऱ्यात टाकतात. तो उजेडासमोर धरा. पट्टी मधोमध अलगद तुटली आहे आणि प्लास्टिक स्वच्छ आहे? मग करंट हळूहळू वाढला असणार: अडकलेला वायपर, जड झालेली मोटर, एकाच सॉकेटवर जास्तीचा भार. पट्टी जवळजवळ नाहीशी झाली आहे आणि आत काळा किंवा चंदेरी डाग उडाला आहे? मग थेट शॉर्ट. कुठेतरी वायर बॉडीला टेकते आहे. तिसरा प्रकार लोकांना चकवतो. पट्टी शाबूत, पण एका पायाजवळ प्लास्टिक वितळून पिवळं पडलेलं. तिथे फ्यूजची पकड ढिली आहे आणि लूज कनेक्शनमुळे उष्णता झाली. नवा फ्यूज घालून ते बरं होत नाही, डब्यातली पकड दुरुस्त करून घ्यावी लागते.

डोळ्यांना कळलं नाही तर टेस्ट लॅम्प (एका बाजूला क्लिप आणि दुसऱ्या बाजूला अणकुचीदार टोक असलेला छोटा दिवा) किंवा मल्टिमीटर (व्होल्ट, ओहम मोजायचा मीटर). फ्यूज जागेवरच राहू द्या. किल्ली ऑन करा आणि ज्याची तक्रार आहे ते बटणही चालू करा, कारण काही फ्यूजला त्याशिवाय वीज येत नाही. टेस्ट लॅम्पची क्लिप बॉडीच्या रंग नसलेल्या धातूला किंवा बॅटरीच्या निगेटिव्हला लावा. फ्यूजच्या डोक्यावर दोन बारीक उघडे ठिपके दिसतात, दोन्हींना आळीपाळीने टोक लावा. दोन्हींवर दिवा लागला, तर फ्यूज ठीक. एकावर लागला आणि दुसऱ्यावर नाही, तर उडाला. कशावरच लागला नाही, तर फ्यूजपर्यंत वीजच पोहोचत नाही. दोष त्याच्या मागे आहे.

पुन्हा उडाला तर बल्ब लावा

त्याच आकड्याचा नवा फ्यूज एकदाच घालायचा. तोही गेला की तिसरा वाया घालवू नका. इंडिकेटरचा २१ वॉटचा जुना बल्ब घ्या, त्याला दोन वायरी जोडा आणि टोकांना छोट्या पात्या लावून फ्यूजच्या जागी बसवा. हा बल्ब पावणेदोन अँपिअरच्या आसपासच करंट जाऊ देतो, त्यामुळे वायर जळत नाही. शॉर्ट असेल तर बल्ब लख्ख पेटतो. आता त्या फ्यूजवरची एकेक वस्तू सोडवा: हॉर्नचं कनेक्टर, सॉकेटचं कनेक्टर, जे असेल ते. ज्याचं कनेक्टर काढताच बल्ब विझला किंवा मंद झाला, तो गुन्हेगार. सगळं सोडवूनही बल्ब लख्खच राहिला तर दोष वायरिंगमध्ये. मग वायरचा जुडगा थोडा थोडा हलवत जा आणि बल्बवर नजर ठेवा. इंधनपंप, ईसीयू (इंजिनचा कंप्युटर), एबीएस (ब्रेक मारताना चाकं लॉक होऊ न देणारी यंत्रणा) आणि एअरबॅग यांच्या फ्यूजवर मात्र हा प्रयोग करू नका.

चार्जिंग सॉकेटचा फ्यूज उडाला असेल, तर आधी टॉर्चने सॉकेटमध्ये बघा. एखादं छोटं नाणं किंवा स्वस्तातल्या चार्जरची तुटलेली स्प्रिंग तिथे हमखास सापडते. किल्ली बंद करून, फ्यूज काढूनच ती बाहेर काढायची.

रिले: लहान करंटने मोठा करंट चालवणारा

रिले म्हणजे छोटा चौकोनी डबा. आत तारेचं वेटोळं आणि एक संपर्क-पट्टी. स्टिअरिंगवरच्या बटणातून जेमतेम दीड-दोनशे मिलिअँपिअर वेटोळ्यात जातात, ते चुंबक होतं, पट्टी ओढली जाते आणि हेडलाइटचा किंवा फॅनचा दहा-वीस अँपिअर प्रवाह सुरू होतो. पायांजवळ आकडे असतात: ८५ आणि ८६ हे वेटोळ्याचे, ३० वर बॅटरीची वीज येते आणि ८७ मधून ती पुढे जाते. पाच पायांच्या रिलेत मधला पाय ८७ए.

तपासायची सोपी रीत अशी. रिलेवर बोट ठेवा आणि दुसऱ्या कोणाला बटण दाबायला सांगा. टक् असा हलका ठोका जाणवला पाहिजे. ठोका आला म्हणजे रिले चांगलाच, असं मात्र नाही. आतले संपर्क जळलेले असले तरी ठोका येतो. म्हणून पुढची पायरी अदलाबदल. किल्ली बंद करून, डोक्यावर छापलेला नंबर आणि पायांची रचना तंतोतंत सारखी असलेला, चालू अवस्थेतला रिले तिथे लावा. बंद पडलेली वस्तू चालू झाली, तर जुना रिले गेला. मल्टिमीटर असेल तर ८५ आणि ८६ मध्ये बहुतेक वेळा ५० ते १२० ओहम दिसतात; अनंत दाखवलं तर वेटोळं तुटलेलं.

रेडिएटर फॅनचा रिले ठाणेकरांनी विशेष लक्षात ठेवावा. माजिवड्याच्या ट्रॅफिकमध्ये पंधरा मिनिटं उभं राहिलं आणि तापमानाचा काटा वर सरकायला लागला, तर हवा देणारं दुसरं काही नसतं. इंजिन चालू ठेवून एसी लावा; बहुतेक गाड्यांत फॅन लगेच सुरू होतो. नाही झाला तर आधी फ्यूज, मग रिले. बोटं फॅनपासून लांब, कारण तो आपणहून फिरू शकतो. किल्ली काढल्यावर फॅन थोडा वेळ फिरणं काही गाड्यांत नेहमीचंच असतं. पण तो थांबायचं नाव घेत नसेल, तर रिलेचे संपर्क चिकटले आहेत आणि सकाळी बॅटरी बसलेली सापडेल.

आपल्याकडची खाडी, पाऊस आणि उंदीर

वाशी, नेरुळ, कोळशेत अशा खाडीकाठच्या भागात दमट, खारट हवेने डब्यातल्या पितळेवर हिरवट थर चढतो. बॅटरीचं निगेटिव्ह सोडून इलेक्ट्रिक कॉन्टॅक्ट क्लीनर मारा, पूर्ण वाळू द्या. पॉलिश पेपर आत घालू नका. झाकण परत लावताना रबराची कड सगळीकडे बसली ना ते बघा. वॉशिंग सेंटरवर इंजिन धुवायला सांगत असाल तर प्रेशरचा पाइप डब्यावर नको, हे तिथे उभं राहून सांगा. काचेखालच्या पन्हळीतला पाला पावसाआधी काढा. तिथली भोकं तुंबली की पाणी काही गाड्यांत थेट आतल्या डब्यावर उतरतं. पार्किंगमधले उंदीर वायरींचं प्लास्टिक कुरतडतात. बॉनेटखाली लेंड्या किंवा चिंध्या दिसल्या तर फ्यूज उडण्याचं कारण बहुधा तिथेच आहे. आणि गाडी पाण्यात बुडाली असेल तर किल्ली फिरवू नका, टो करून न्या.

बोल्टने बसवलेले मोठे फ्यूज, पिवळ्या कनेक्टरची एअरबॅगची वायरिंग, हायब्रिड आणि इलेक्ट्रिक गाड्यांतल्या नारिंगी जाड केबल्स यांना घरी हात लावायचा नाही. तिथून पुढे ऑटो इलेक्ट्रिशियनचं काम. त्याच्याकडे जाताना उडालेला फ्यूज दाखवायला न्या आणि तो कधी, काय चालू असताना उडाला ते सांगा. त्याचा शोधण्याचा वेळ वाचतो.

माझ्या ग्लव्ह बॉक्समध्ये आता एक जुनी औषधाची डबी असते. त्यात १०, १५, २० आणि ३० चे दोन-दोन फ्यूज, चिमटा, टेस्ट लॅम्प आणि तो वायर जोडलेला बल्ब. हे फ्यूज घेताना आपल्या गाडीतला एक नमुना दुकानात घेऊन जा, म्हणजे आकार चुकत नाही.