ऑनलाइन खेळात नाव बदलूनही जुनेच दिसत असेल तर काय तपासावे

ऑनलाइन खेळात आपण नवे नाव टाकतो, बदल जतन झाल्याचा संदेशही येतो, आणि पुढच्याच सामन्यात आपल्या पात्राच्या डोक्यावर जुनेच नाव दिसते. अशा वेळी बहुतेक खेळाडू ॲप काढून पुन्हा टाकतात, दुसऱ्यांदा शुल्क भरतात किंवा 'नाव बदलून देतो' म्हणणाऱ्या एखाद्याला पासवर्ड देऊन बसतात. निपाणी, चिकोडी, खानापूर आणि बेळगाव शहरातील मराठी मुलांच्या बाबतीत मला हे वारंवार दिसते, आणि म्हणूनच या लेखात उपायांपेक्षा निदानाला जास्त जागा दिली आहे. नाव खरोखरच बदललेले नाही, की बदललेले असून कुठेतरी त्याची जुनी प्रत दिसते आहे, हे कळल्याशिवाय कोणताही उपाय करू नये. त्यांतले काही उपाय निष्फळ ठरतात, तर एखाद्याने खातेच कायमचे हातचे जाते.

प्रथम नाव साठवले कसे जाते ते समजून घ्यावे. खेळाच्या सर्व्हरवर प्रत्येक खात्याला एक कायमचा क्रमांक असतो, आणि गुण, वस्तू, मित्र, खरेदी हे सर्व त्या क्रमांकाशी जोडलेले असते. नाव ही त्या क्रमांकावर लावलेली पाटी असते. बेळगावचे अधिकृत नाव १ नोव्हेंबर २०१४ रोजी बदलून बेळगावी झाले, तरी रेल्वे स्थानकाचा संकेत बीजीएम आणि विमानतळाचा आयएक्सजी हाच राहिला, आणि आरक्षणाची यंत्रणा त्या संकेतावरच चालते. खेळाच्या खात्याचेही तसेच आहे. पाटी मात्र एका जागी नसते. मुख्य नोंदीत नाव बदलले तरी मित्रांच्या यादीत, संघाच्या पानावर, क्रमवारीच्या तक्त्यात, चालू सामन्यात आणि प्रत्येकाच्या फोनमध्ये त्याच्या स्वतंत्र प्रती असतात. दर क्षणी मुख्य नोंद विचारत बसल्यास सर्व्हरवर ताण येतो, म्हणून या प्रती मुद्दाम काही काळ जपून ठेवल्या जातात, आणि त्या आपापल्या वेळेनुसार नव्या होतात.

यावरून पहिली चाचणी ठरते. आपला खाते क्रमांक लिहून घ्यावा, आणि जो आपल्या मित्रयादीत नाही अशा एखाद्याच्या फोनवरून तो क्रमांक शोधावा. अनोळखी फोनमध्ये आपली जुनी प्रत असण्याचा संभव फार कमी असतो. तिथे नवे नाव दिसले तर बदल झालेला आहे, आणि आपल्याला फक्त जुन्या प्रती जाण्याची वाट पाहायची आहे. तिथेही जुनेच नाव दिसले तर बदल मुख्य नोंदीपर्यंत पोहोचलेलाच नाही. या दोन अवस्थांचे उपाय निराळे आहेत, त्यामुळे ही चाचणी कधीही टाळू नये.

बदल झाला असून जुने नाव दिसत असेल तर चालू सामना संपू द्यावा. सामन्याच्या आरंभी घेतलेली नावे अनेक खेळांत शेवटपर्यंत तशीच राहतात. त्यानंतर प्रतीक्षाकक्षातून, म्हणजे खेळातील लॉबीतून, बाहेर पडून खात्यातून लॉगआउट करावे आणि पुन्हा लॉगिन करावे. केवळ ॲप बंद करून उघडल्याने जुनेच लॉगिन पुढे चालू राहते आणि त्याबरोबर जुने नावही राहू शकते. ज्या मित्राला जुने नाव दिसते त्यानेही आपल्या फोनवर हेच करायला हवे, कारण त्याच्या फोनमधली प्रत आपण आपल्या फोनवरून पुसू शकत नाही. संगणकावर खेळ विकत घेण्याचे आणि खेळण्याचे व्यासपीठ असलेले स्टीम वापरणाऱ्यांनी आणखी एक गोष्ट पाहावी. स्टीमवर एखादा मित्र आपल्याला स्वतःच्या सोयीचे टोपणनाव लावू शकतो, आणि त्यानंतर आपण कितीही वेळा नाव बदलले तरी त्याला ते टोपणनावच दिसत राहते. क्रमवारीचे तक्ते आणि हंगामाचे निकाल यांची घाई करू नये. ते ठरावीक वेळी एकदम तयार होतात, आणि संपलेल्या हंगामाच्या तक्त्यात जुने नाव कायमचेच राहू शकते.

कॅशे, म्हणजे फोनमधल्या या तात्पुरत्या प्रती, पुसण्याचा सल्ला सर्वत्र दिला जातो, परंतु तो अपुरा आणि म्हणून धोक्याचा आहे. अँड्रॉइड फोनच्या सेटिंगमध्ये त्या खेळाच्या स्टोरेजच्या पानावर दोन पर्याय असतात. 'कॅशे साफ करा' हा पर्याय तात्पुरत्या प्रती पुसतो आणि तो निर्धोक आहे. 'डेटा साफ करा' किंवा 'स्टोरेज साफ करा' हा पर्याय मात्र त्या फोनवरचे लॉगिनसुद्धा पुसून टाकतो. आपले खाते गूगल, फेसबुक किंवा तत्सम ओळखीशी जोडलेले असेल तर पुन्हा लॉगिन करता येते. पण पाहुणे खाते, म्हणजेच गेस्ट खाते असेल तर त्या खात्याची किल्ली फक्त त्या फोनमध्ये असते, आणि डेटा पुसल्यावर किंवा ॲप काढून टाकल्यावर वर्षानुवर्षांची कमाई परत मिळणे जवळजवळ अशक्य होते. फ्री फायर मॅक्समध्ये अशी पाहुणी खाती आपल्याकडे पुष्कळ आहेत, विशेषतः घरातला एकच फोन भावंडांत वाटून वापरला जातो तिथे. नावाची दुरुस्ती हाती घेण्यापूर्वी खाते एखाद्या ओळखीशी जोडून घ्यावे, असे मी आग्रहाने सांगतो. नाव उद्याही बदलता येईल.

आता दुसरी अवस्था, म्हणजे मुख्य नोंदच बदललेली नाही. याचे सर्वांत सामान्य कारण असे की खेळाडूने भलतेच नाव बदललेले असते. माइनक्राफ्टचे उदाहरण घ्यावे. संगणकावरील जावा आवृत्तीचे नाव माइनक्राफ्टच्या संकेतस्थळावरील प्रोफाइलमध्ये बदलते, तर फोनवरील बेडरॉक आवृत्ती एक्सबॉक्सचे गेमरटॅग, म्हणजे एक्सबॉक्स खात्याचे नाव, दाखवते. एकीकडे बदल करून दुसरीकडे वाट पाहणाऱ्याला तो कधीच दिसणार नाही. स्टीमवर लॉगिनचे नाव बदलता येत नाही आणि प्रोफाइलवरचे नाव हवे तेव्हा बदलता येते. रोब्लॉक्समध्ये दर्शनी नाव सात दिवसांतून एकदा विनाशुल्क बदलता येते, पण मूळ वापरकर्ता नाव बदलण्यास १००० रोबक्स (त्या खेळातले विकतचे चलन) लागतात, आणि ही दोन नावे वेगवेगळ्या पडद्यांवर दिसतात. बुद्धिबळ खेळणाऱ्या मुलांसाठी लीचेसचा नियम त्याहून कडक आहे: तिथे वापरकर्ता नाव बदलतच नाही, फक्त त्यातील रोमन अक्षरे लहान-मोठी करण्याची संधी एकदा मिळते.

काही वेळा नियमाची मुदत आड येते. माइनक्राफ्टच्या जावा आवृत्तीत एकदा नाव बदलल्यावर पुढचे ३० दिवस ते पुन्हा बदलता येत नाही, आणि सोडलेले नाव ३७ दिवस दुसऱ्या कोणाला घेता येत नाही. म्हणून मित्राने सोडलेले नाव लगेच घ्यायला गेल्यास नकार मिळतो. प्लेस्टेशनवर ऑनलाइन ओळख बदलण्याची सोय एप्रिल २०१९ मध्ये आली. पहिला बदल विनाशुल्क असतो, परंतु १ एप्रिल २०१८ पूर्वीच्या काही खेळांत जुनी ओळख दिसत राहणे किंवा प्रगती न सापडणे अशा अडचणी येऊ शकतात.

आपल्या भागातील खेळाडूंना सर्वाधिक सतावणारे आणि मार्गदर्शनात सर्वांत कमी सांगितले जाणारे कारण म्हणजे लिपी. आपल्या फोनवर मराठी, कन्नड आणि इंग्रजी असे तीनही कीबोर्ड असतात, आणि आपले नाव आपल्या लिपीत दिसावे ही इच्छा अगदी रास्त आहे. अडचण मोजणीत आहे. वाचताना 'ज्ञानेश्वर' या नावात आपल्याला चार अक्षरे दिसतात, पण संगणकावर अक्षरे नोंदवण्याच्या युनिकोड या पद्धतीत हलन्त, काना आणि मात्रा स्वतंत्र मोजल्या जातात, त्यामुळे त्या नावाची १० चिन्हे होतात. यूटीएफ-८ या साठवणीच्या पद्धतीत देवनागरीचे प्रत्येक चिन्ह तीन बाइट घेते, म्हणजे हेच नाव ३० बाइटांचे झाले. 'बेळगाव' हे सुटसुटीत नावदेखील सहा चिन्हांचे आणि १८ बाइटांचे आहे. एखाद्या खेळाची मर्यादा १६ बाइटांची असेल तर तो ते नाकारतो किंवा मध्येच तोडतो, आणि काही खेळ कारण न सांगता जुनेच नाव ठेवतात. म्हणून नाव स्वीकारले जात नसेल तर आधी पाच साध्या रोमन अक्षरांचे नाव टाकून पाहावे, अर्थात जिथे बदलाला शुल्क आणि मुदत नाही तिथेच. ते स्वीकारले गेले तर दोष लिपीचा किंवा लांबीचा आहे.

लिपीतला दुसरा दोष डोळ्यांना दिसतच नाही. 'दऱ्या' या शब्दातला अर्धा र दोन प्रकारे टंकता येतो: नुक्त्याच्या ऱ ला हलन्त देऊन, किंवा साध्या र ला हलन्त आणि त्यामागे एक अदृश्य जोडचिन्ह देऊन. पडद्यावर दोन्ही सारखेच दिसतात. अनेक खेळ फसवी नावे रोखण्यासाठी अदृश्य चिन्हे काढून टाकतात, आणि मग दुसऱ्या प्रकारे टंकलेल्या 'दऱ्या'चा 'दर्या' होतो. पहिला प्रकार वापरल्यास हा प्रश्न उद्भवत नाही. संदेशातून किंवा संकेतस्थळावरून चिकटवलेल्या सजावटीच्या नावांत तर अशी चिन्हे आणि रिकाम्या जागा दडलेल्या असतातच. नाव नेहमी स्वतःच्या कीबोर्डवर टंकावे. नावाच्या जागी चौकोन दिसत असतील तर मात्र काळजीचे कारण वेगळे आहे: नाव पोहोचले आहे, पण समोरच्या खेळाजवळ देवनागरीचा किंवा कन्नडचा टंक नाही, आणि यावर आपल्याकडून काहीही करता येत नाही. एक्सबॉक्सच्या नव्या पद्धतीच्या गेमरटॅगमध्ये देवनागरी चालते आणि बारा चिन्हांपर्यंतचे नाव घेता येते, परंतु जे जुने खेळ ही पद्धत ओळखत नाहीत त्यांत त्याच खात्याचे रोमन अक्षरांतले पर्यायी नाव दिसते. तो बिघाड नाही. माइनक्राफ्टची जावा आवृत्ती मात्र ३ ते १६ रोमन अक्षरे, अंक आणि अधोरेषा यांपलीकडे काही घेत नाही. तिथे मराठी नावाचा हट्ट सोडून रोमन लिपीत नीट बसणारे रूप शोधावे.

जोडणीचा प्रश्न थोडक्यात सांगतो. निपाणीहून कागलकडे जाताना फोन कर्नाटकच्या मोबाइल परिमंडळातून महाराष्ट्राच्या परिमंडळात जातो, आणि जांबोटी-कणकुंबीच्या रानात तर सिग्नल मध्येच नाहीसा होतो. अशा प्रवासात नाव बदलण्याची विनंती अर्ध्यात तुटू शकते. घरी किंवा स्थिर वाय-फायवर बसूनच बदल करावा, व्हीपीएन बंद ठेवावे, खेळाची ताजी आवृत्ती घ्यावी आणि फोनची तारीख-वेळ आपोआप ठरू द्यावी. बीजीएमआय (बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया) या खेळात नाव बदलण्याचे कार्ड वापरताना जोडणी तुटली, तर पुन्हा बटण दाबण्याआधी कार्ड सामानाच्या यादीत शिल्लक आहे का ते पाहावे. कार्ड असेल तर बदल झालेला नाही. कार्ड नसेल आणि नाव जुनेच असेल तर त्या क्षणी पडद्याचे चित्र काढून ठेवावे आणि दुसरे कार्ड विकत घेऊ नये.

मित्रमंडळींचा खासगी माइनक्राफ्ट सर्व्हर चालवणाऱ्यांनी एक बाब ध्यानात ठेवावी. सर्व्हर अधिकृत ऑनलाइन पडताळणीवर चालत असेल तर खेळाडू त्याच्या कायम क्रमांकावरून ओळखला जातो, आणि नाव बदलले तरी त्याचे सामान जागेवर राहते. पडताळणी बंद ठेवलेला सर्व्हर मात्र क्रमांक नावावरूनच तयार करतो; नाव बदलताच त्याच्या दृष्टीने नवा खेळाडू येतो, आणि तो रिकाम्या हातांनी उभा राहतो. सामान नाहीसे झालेले नसते. जुने नाव परत लावल्यास ते मिळते, किंवा सर्व्हर चालवणाऱ्याने जुन्या क्रमांकाच्या खेळाडू फाइलला नव्या क्रमांकाचे नाव द्यावे, पण त्याआधी सर्व्हर बंद करून पूर्ण प्रत काढून ठेवावी. गावोगावी स्पर्धा भरवणाऱ्या मंडळांनाही माझी विनंती आहे की नोंदणीच्या अर्जात नावाबरोबर खाते क्रमांक घ्यावा, कारण नोंदणी आणि सामना यांच्यामध्ये कोणी नाव बदलले तर त्या क्रमांकावरूनच त्याचा हक्क सिद्ध होतो.

एवढे करूनही मुख्य नोंद एका दिवसात बदलली नाही तर खेळातील अधिकृत मदत विभागाकडे लिहावे. पत्रात खाते क्रमांक, जुने व नवे नाव, बदल केल्याची तारीख आणि वेळ, फोनचे मॉडेल, खेळाची आवृत्ती, आणि पैसे दिले असल्यास खरेदीचा क्रमांक लिहून पडद्याची चित्रे जोडावीत. साध्या इंग्रजीत चार वाक्ये पुरतात, आणि एकाच अडचणीसाठी अनेक तक्रारी टाकू नयेत, कारण त्यांची सांगड घालण्यात वेळ जातो. टेलिग्राम किंवा व्हॉट्सॲपवर नाव बदलून देतो म्हणणाऱ्याला पासवर्ड किंवा ओटीपी कदापि देऊ नये. खरा मदत विभाग ओटीपी मागत नाही. तो दिला गेला असेल तर लगेच पासवर्ड बदलून सर्व उपकरणांवरून लॉगआउट करावे, जोडलेल्या ईमेल खात्याचाही पासवर्ड बदलावा, आणि पैसे गेले असल्यास विलंब न लावता राष्ट्रीय सायबर मदत क्रमांक १९३० वर तक्रार नोंदवावी.