गोव्याच्या लोकसंख्येचा आलेख: पायथनमध्ये काढताना आणि सजवताना

फोंड्यातील एका शाळेच्या स्मरणिकेसाठी मी काही वर्षांपूर्वी गोव्याच्या लोकसंख्येचा आलेख काढून दिला होता. संगणकाच्या पडद्यावर त्यातील तांबडी आणि हिरवी रेषा वेगवेगळी दिसत होती. स्मरणिका काळ्या-पांढऱ्या छपाईत निघाली, तेव्हा दोन्ही एकाच करड्या छटेच्या झाल्या होत्या आणि उत्तर गोवा कोणता, दक्षिण गोवा कोणता, हे कोणालाच सांगता येत नव्हते. आकड्यांत एकही चूक नव्हती, तरी आलेख वाया गेला. तेव्हापासून मी आलेखाची प्रत्येक सूचना लिहिताना ती वाचकाच्या डोळ्यांपुढे काय ठेवणार आहे, याचा आधी विचार करतो. येथे गोव्याच्या एकूण लोकसंख्येचा आलेख पायथन ही संगणकभाषा आणि मॅटप्लॉटलिब या मोफत ग्रंथालयाच्या (आलेख काढण्याच्या तयार सूचनांच्या संचाच्या) साहाय्याने नव्याने काढून दाखवतो. सूचनांची नावे मी उच्चाराप्रमाणे दिली आहेत. प्रत्यक्षात ती इंग्रजी अक्षरांत टाइप करावी लागतात.

सर्वप्रथम आकडे. ‘वर्ष’ आणि ‘लोकसंख्या’ अशा दोन स्तंभांची सीएसव्ही फाइल (स्वल्पविरामांनी स्तंभ वेगळे केलेली साधी मजकूर फाइल) करावी आणि तीत पुढील बारा ओळी भराव्यात: १९०० साली ४,७५,५१३, १९१० साली ४,८६,७५२, १९२१ साली ४,६९,४९४, १९३१ साली ५,०५,२८१, १९४० साली ५,४०,९२५, १९५० साली ५,४७,४४८, १९६० साली ५,८९,९९७, १९७१ साली ७,९५,१२०, १९८१ साली १०,०७,७४९, १९९१ साली ११,६९,७९३, २००१ साली १३,४७,६६८ आणि २०११ साली १४,५८,५४५. फाइलमध्ये हे आकडे इंग्रजी अंकांत आणि स्वल्पविरामाशिवाय लिहावेत, अन्यथा तक्ते हाताळणाऱ्या पांडास या ग्रंथालयाची ‘रीड सीएसव्ही’ ही सूचना त्यांना संख्या म्हणून नीट वाचू शकत नाही. आणखी एक दक्षता अशी, की हे सर्व आकडे केवळ गोव्याचे आहेत. १९८७ साली गोवा राज्य होईपर्यंत दमण आणि दीव गोव्यासोबत एकाच प्रशासनाखाली होते, त्यामुळे १९८१ साठी काही ठिकाणी १०,८६,७३० हा आकडा आढळतो. तो तिन्ही प्रदेशांचा मिळून आहे. तो चुकून या मालिकेत शिरला, तर पुढची कोणतीही सजावट आलेखाला वाचवू शकणार नाही.

आता कोरा कागद मांडावा. ‘सबप्लॉट्स’ ही सूचना दोन वस्तू परत देते: ‘फिगर’, म्हणजे संपूर्ण कागद, आणि ‘ॲक्सिस’, म्हणजे त्या कागदावरील ती चौकट, जिच्यात प्रत्यक्ष आलेख उमटतो. नवशिक्यांचा बराचसा गोंधळ या दोहोंतील फरक न कळल्याने होतो. आकार, छपाईची सूक्ष्मता आणि जतन करणे या गोष्टी कागदाच्या. रेषा, अक्ष, शीर्षक आणि टिपा या चौकटीच्या. ‘फिगसाइझ’मध्ये रुंदी ८ आणि उंची ५ द्यावी, ही मापे इंचांत असतात. त्यानंतर चौकटीवर ‘प्लॉट’ ही सूचना चालवून वर्ष व लोकसंख्या द्यावी आणि ‘मार्कर’मध्ये इंग्रजी ओ हे अक्षर लिहावे, म्हणजे प्रत्येक जनगणनेच्या जागी ठिपका उमटतो. हे ठिपके मी कधीच गाळत नाही, कारण मोजणी झाली ती फक्त त्या वर्षी; मधली रेषा ही आपण जोडलेली आहे.

गोव्याच्या या मालिकेत एक खोच आहे. जनगणना दर दहा वर्षांनी होते असे आपण गृहीत धरतो, पण पोर्तुगीज काळातील मोजण्यांची वर्षे तशी नाहीत: १९१० ते १९२१ हे अंतर अकरा वर्षांचे, १९३१ ते १९४० नऊ वर्षांचे आणि १९६० ते १९७१ पुन्हा अकरा वर्षांचे आहे. वर्षांचा स्तंभ मजकूर म्हणून वाचला गेला असेल, तर मॅटप्लॉटलिब प्रत्येक वर्षाला केवळ एक नाव समजते आणि सर्व ठिपके समान अंतरावर मांडते. नऊ वर्षे आणि अकरा वर्षे सारखीच दिसू लागतात आणि रेषेचा चढ खोटा ठरतो. वर्षे संख्या म्हणून वाचली गेली आहेत याची खात्री ‘डीटाइप्स’, म्हणजे प्रत्येक स्तंभातील माहितीचा प्रकार, छापून करावी. त्यानंतर ‘सेट एक्सटिक्स’ला हीच बारा वर्षे द्यावीत, म्हणजे आडव्या अक्षावर मोजणीची खरी वर्षेच दिसतील.

उभ्या अक्षाकडे मी सर्वाधिक लक्ष देतो. आपण काहीच सांगितले नाही, तर मॅटप्लॉटलिब सर्वांत लहान आकड्याच्या थोडे खालून अक्ष सुरू करते, म्हणजे येथे सुमारे ४.२ लाखांवरून. परिणामी २०११ चा ठिपका १९०० च्या ठिपक्यापेक्षा तळापासून अठरा पटींहून अधिक उंच दिसतो, प्रत्यक्षात लोकसंख्या मात्र सुमारे तिप्पट झाली आहे. रेषेच्या आलेखात अक्ष शून्यापासून सुरू करणे प्रत्येक वेळी आवश्यक नसते. परंतु किती पट वाढ झाली हाच प्रश्न असेल, तर ‘सेट वायलिम’मध्ये ‘बॉटम’ शून्य द्यावाच. स्तंभालेखात तर याला अपवाद नाही, कारण तेथे वाचक स्तंभाची लांबीच मोजतो. याच अक्षाच्या माथ्यावर दहाचा सहावा घात दर्शवणारी ‘1e6’ अशी खूण उमटते, जी आपल्याकडच्या वाचकाला काहीही सांगत नाही. ‘फंकफॉर्मॅटर’ वापरून प्रत्येक आकड्याला एक लाखाने भागावे आणि पुढे ‘लाख’ हा शब्द जोडावा.

रेषा उमटली की १९६० नंतर ती एकदम उभी होताना दिसते: त्याआधीच्या दहा वर्षांत वाढ ४२,५४९ होती, पुढच्या अकरा वर्षांत ती २,०५,१२३ झाली. १९ डिसेंबर १९६१ रोजी गोवा मुक्त झाला, हे आलेखातच दिसायला हवे. ‘एएक्सव्हीलाइन’ने १९६१ वर फिकट तुटक रेषा ओढावी आणि ‘ॲनोटेट’ने शेजारी ‘गोवा मुक्ती’ असे लिहावे. त्या सूचनेत ‘एक्सवाय’ म्हणजे ज्या बिंदूकडे बाण जातो तो, आणि ‘एक्सवायटेक्स्ट’ म्हणजे शब्द जेथे बसतात ती जागा. शब्द रेषेवर येऊ नयेत म्हणून दुसरी जागा दोन-तीनदा बदलून पाहावी लागते. वरची आणि उजवीकडची किनार ‘स्पाइन्स’मधून लपवावी आणि आडव्या जाळीच्या रेषा अगदी फिकट ठेवाव्यात. उत्तर व दक्षिण अशा दोन रेषा असतील, तर रंगासोबत ‘लाइनस्टाइल’ही वेगळी द्यावी आणि नावे कोपऱ्यातील सूचीत न टाकता रेषेच्या टोकाशीच लिहावीत.

शेवटी मराठी अक्षरे. मॅटप्लॉटलिबच्या मूळ फाँटमध्ये देवनागरी नसल्यामुळे शीर्षकाच्या जागी चौकोन येतात. ‘नोटो सॅन्स देवनागरी’ हा मोफत फाँट ‘फाँट फॅमिली’त दिल्यावर चौकोन जातात, तरीही अनेक आवृत्त्यांत ‘गोव्याची’मधील जोडाक्षर फुटून व पाय मोडलेला दिसतो आणि ‘स्थिती’तील ऱ्हस्व वेलांटी थ च्या उजवीकडे जाते. असा आलेख कृपया छापायला देऊ नये. त्यावर मला उपयोगी पडलेला उपाय असा: ‘एसव्हीजी डॉट फाँटटाइप’ या सेटिंगला इंग्रजीत ‘नन’ असे मूल्य द्यावे आणि ‘सेव्हफिग’ने आलेख एसव्हीजी या, ब्राउझरमध्ये उघडणाऱ्या चित्रस्वरूपात जतन करावा. तेव्हा अक्षरांची चित्रे न होता मजकूर मजकूरच राहतो आणि ब्राउझर तो उघडताना जोडाक्षरे नीट जुळवतो. मात्र त्या संगणकावरही तो फाँट असायला हवा. ब्राउझरमधूनच पीडीएफ काढून छापखान्यात द्यावी. ‘सेव्हफिग’ नेहमी ‘शो’च्या आधी लिहावी, नाहीतर जतन झालेला कागद कोरा निघू शकतो, आणि छापखान्यात पाठवण्यापूर्वी त्या पीडीएफची एक प्रत घरच्या प्रिंटरवर काळ्या-पांढऱ्यात काढून पाहावी.